बदलीचा आदेश आणि अर्धा संसार: पुण्यातल्या पॅकर्स-मूव्हर्स सेवा कितपत कामाच्या?

पुण्यात घरसामान हलवून देणाऱ्यांची कमतरता नाही. सिंहगड रोड, वाकड, खराडी, कुठेही जा, विजेच्या खांबांवर त्यांचे नंबर चिकटवलेले असतात. मोबाइलवर एकदा चौकशी केली की दिवसभर फोन थांबत नाहीत. पण यातल्या बहुतेक सेवा आयटीतल्या माणसाचा संसार डोळ्यांपुढे ठेवून बेतलेल्या आहेत. अख्खं घर उचलायचं, तारीख पक्की, पैसे कंपनी देणार. बदली झालेल्या सरकारी कर्मचाऱ्याचं गणित या तिन्ही बाबतींत वेगळं असतं. बरेचदा निम्मंच सामान न्यायचं असतं, कार्यमुक्ती, म्हणजे जुन्या पदावरून सुटका, नेमकी कधी मिळेल ते सांगता येत नाही, आणि खर्च परत मिळणार की नाही हे बिलाच्या कागदावर ठरतं. कोणती सेवा या तीन कसोट्यांवर टिकते, ते इथे पाहिलं आहे.

गाडीवाल्याला फोन करण्याआधी बदली आदेश शेवटपर्यंत वाचा. ‘विनंतीवरून बदली असल्याने प्रवासभत्ता व पदग्रहण अवधी अनुज्ञेय नाही’ अशा अर्थाची ओळ असेल तर सगळा खर्च खिशातून जाणार आहे. पती-पत्नी एकत्रीकरणासाठी, आजारी आईवडिलांसाठी किंवा दिव्यांग मुलासाठी बदली मागून घेणारे लोक बहुधा याच गटात येतात. म्हणजे ज्या कुटुंबाची ओढाताण सर्वांत जास्त, त्यालाच भाडंही पदरचं भरावं लागतं. हे आम्हाला अन्यायाचं वाटतं, पण आज नियम तसा आहे आणि सेवा निवडताना तो धरूनच चालावं लागतं. प्रशासकीय कारणास्तव बदली असेल तर मात्र स्वस्तातल्या टेम्पोपेक्षा पक्कं बिल देणारा वाहतूकदार शेवटी परवडतो.

केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांचे आकडे स्पष्ट आहेत. २० किलोमीटरच्या पलीकडे बदली झाली तर मूळ वेतनाच्या ८० टक्के एकरकमी बदली अनुदान मिळतं. सामानाची मर्यादा वेतनस्तर ६ आणि त्यावरच्यांना ६००० किलो, स्तर ५ ला ३००० किलो, स्तर ४ आणि खालच्यांना १५०० किलो. रस्त्याने नेल्यास २०१७ च्या आदेशातले दर अनुक्रमे किलोमीटरला ५०, २५ आणि १५ रुपये होते, आणि महागाई भत्ता ५० टक्क्यांवर गेला की २५ टक्के वाढीची तरतूद त्यातच आहे. चालू दर कार्यालयाकडून लिहून घ्या. पुणे ते नागपूर रस्त्याने ७०० किलोमीटर धरलं तर मूळ दराने स्तर ६ च्या कर्मचाऱ्याची मर्यादा ३५,००० रुपये होते आणि स्तर ४ च्या लिपिकाची १०,५००. या दुसऱ्या रकमेत स्वतंत्र ट्रक बसणं कठीण, त्यामुळे खालच्या स्तरांवर पार्ट लोड, म्हणजे इतरांच्या मालाबरोबर एकाच गाडीत सामान पाठवणं, हाच व्यवहार्य मार्ग उरतो. देयक प्रवास संपल्यापासून ६० दिवसांत सादर करावं लागतं. राज्य कर्मचाऱ्यांचे नियम आणि मर्यादा वेगळ्या आहेत. आहरण व संवितरण अधिकाऱ्याच्या (पगार आणि देयकं काढणाऱ्या) शाखेतून त्या सामान हलण्याआधीच विचारून घ्याव्यात. नंतर विचारलं तर ‘हा कागद का नाही आणला’ एवढंच उत्तर मिळतं.

आता तारखेचा प्रश्न. राज्यात बदल्यांचा कायदा २००५ चा, अंमल १ जुलै २००६ पासून. त्यानुसार एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी तीन वर्षं आणि बदल्या एरवी एप्रिल किंवा मे महिन्यात. गट क च्या कर्मचाऱ्याला एका कार्यालयात दोन कालावधीही मिळू शकतात. ही मुदत काही वर्षी शासनाने पुढे ढकलली आहे आणि मग आदेश जून-जुलैत हातात पडले आहेत. तोवर पुण्यातल्या शाळा सुरू झालेल्या असतात, वह्या-पुस्तकं-गणवेश घेऊन झालेला असतो, रिक्षाकाकांना महिना ठरवून दिलेला असतो. विदर्भात उन्हामुळे शाळा आठ-पंधरा दिवस उशिरा उघडतात. तिकडे बदली असेल तर मुलांच्या प्रवेशासाठी तेवढी फट मिळते, इतरत्र नाही. त्यात दहावी-बारावीचं मूल घरात असलं की निर्णय जवळपास ठरलेलाच: कुटुंब पुण्यात, नोकरी करणारा एकटा बाहेर.

इथे पुण्यातल्या मोठ्या, ॲपवरून चालणाऱ्या कंपन्या कमी पडतात. त्यांचं पॅकिंग खरोखर चांगलं असतं. काचेच्या भांड्यांना नालीदार पुठ्ठा, टीव्हीला वेगळा खोका, प्रत्येक खोक्यावर खोलीचं नाव, सामानाची यादी मोबाइलवर. पण तारीख बदलली की शुल्क, आणि ते बुकिंगच्या वेळी बारीक अक्षरात मान्य केलेलं असतं. कार्यमुक्तीचा आदेश एका सहीसाठी चार दिवस अडणं ही आपल्याकडे रोजची गोष्ट आहे. आपल्या जागी येणारा कर्मचारी हजर झाल्याशिवाय साहेब सोडत नाहीत, हेही सगळ्यांना ठाऊक आहे. म्हणून अशा कंपनीकडे जायचंच असेल तर एक प्रश्न विचारा: ४८ तास आधी कळवून तारीख एकदा फुकट बदलता येईल का? ‘होऊन जाईल सर’ हे उत्तर धरू नका. ते व्हॉट्सॲपवर किंवा ईमेलवर लेखी घ्या. लेखी देणाऱ्या कंपन्या आहेत, पण त्या मागितल्याशिवाय देत नाहीत.

निम्म्या सामानाच्या बाबतीत तर मोठ्या कंपन्यांचं दरपत्रकच चुकीच्या पायावर उभं आहे. ते ‘वन बीएचके, टू बीएचके’ असं विचारतात. एकट्याने जाणाऱ्याचं सामान म्हणजे लोखंडी कॉट, गादी, शेगडी, कुकर आणि चार भांडी, छोटा फ्रिज, कूलर, टेबल-खुर्ची, कपड्यांच्या दोन बॅगा. एवढ्याला वन बीएचकेचा भाव का द्यायचा? सात फुटी हौदा असलेल्या छोट्या हत्तीत (टाटा एस टेम्पोत) हे सगळं बसतं. त्याची क्षमता साधारण ७५० किलो आणि हे सामान त्याच्या निम्म्यानेही होत नाही. पुण्याहून सोलापूर, कोल्हापूर, नाशिक, अहिल्यानगर अशा साधारण २५० किलोमीटरपर्यंतच्या बदलीला एका दिवसात पोचणारी, मध्ये कुठेही माल न उतरवणारी छोटी गाडी ही आमच्या मते सर्वांत चांगली सोय आहे. भाडं ठरवताना ‘जाऊन-येऊन’ की ‘एकेरी’ हे बोलून घ्या, कारण रिकामी परत येणारी गाडी दोन्हीकडचं डिझेल लावते. त्या गावाकडची, पुण्यात माल टाकून परत निघालेली गाडी मिळाली तर भाडं बरंच उतरतं. अशा परतीच्या गाड्यांची चौकशी मार्केट यार्डात आणि निगडीच्या ट्रान्सपोर्ट नगरीत करता येते.

मराठवाडा, विदर्भ, खानदेश म्हटलं की निगडीचे ट्रान्सपोर्टवाले पार्ट लोड घेतात. स्वस्त पडतं, पण त्याची किंमत दोन प्रकारे मोजावी लागते. एक म्हणजे गाडी भरेपर्यंत ती हलत नाही, त्यामुळे सामान पोचायला आठवडा-दहा दिवस लागू शकतात. दुसरं, वाटेत माल दुसऱ्या गाडीत चढवला जातो आणि जास्त मोडतोड त्या चढ-उतारीत होते. म्हणून पार्ट लोडने जे पाठवायचं ते फेकलं तरी मोडणार नाही अशा बेताने बांधा, आणि पहिल्या दहा दिवसांचं जगणं (अंथरूण, दोन पातेली, औषधं, सेवापुस्तकाच्या प्रती, अंतिम वेतन प्रमाणपत्र) स्वतःबरोबर बसने किंवा रेल्वेने न्या. अंतिम वेतन प्रमाणपत्र खोक्यात अडकलं तर नव्या कार्यालयात पहिला पगारच अडकतो. सेवार्थ या राज्याच्या ऑनलाइन पगार प्रणालीतून जुन्या कार्यालयाने नाव सोडलं आहे का, तेही निघण्याआधी पाहून घ्या.

ट्रान्सपोर्टवाल्याची बिल्टी, म्हणजे माल ताब्यात घेतल्याची पावती, नीट पाहण्यासारखी असते. पातळ कागदाच्या तीन-चार रंगीत प्रती. त्यावर ‘घरगुती वापरलेले सामान, नग १४’ एवढंच लिहिलेलं असतं आणि कोपऱ्यात ‘ॲट ओनर्स रिस्क’ (जोखीम मालकाची) असं छापलेलं किंवा शिक्का मारलेला. या दोन्ही गोष्टी बदलून घ्या. नगांवर मार्करने १ ते १४ आकडे घालून बिल्टीच्या मागे यादी लिहा आणि चालकाची सही घ्या. सामानाचं मूल्य बिल्टीवर जाहीर करा. २००७ च्या रस्ते मालवाहतूक कायद्याखालच्या नियमांनुसार मूल्य जाहीर केलेलं नसेल तर नुकसानीची जबाबदारी भाड्याच्या दहापटीपुरतीच राहते. ६,००० रुपये भाडं असेल तर ६०,०००. फ्रिज, वॉशिंग मशीन आणि टीव्ही एकत्र गेले तर ही रक्कम अपुरी पडेल. नुकसान झालं तर बुकिंगच्या तारखेपासून १८० दिवसांच्या आत लेखी नोटीस द्यावी लागते, नाहीतर वाहतूकदारावर दावाच लावता येत नाही. नव्या जागी रुजू होऊन घडी बसेपर्यंत सहा महिने सहज निघून जातात, म्हणून ती तारीख लिहून ठेवा.

देयकासाठी कार्यालय बहुतेक वेळा हे मागतं: जीएसटी क्रमांक असलेलं मूळ बिल, पैसे दिल्याची पावती, बिल्टी, आणि त्यात गाडी क्रमांक, वजन, कुठून-कुठे, तारीख. वजनासाठी रिकाम्या आणि भरलेल्या गाडीची वजनकाट्याची पावती जोडली तर हरकत निघायला जागा उरत नाही. काटा वाटेत असतो, थोडेच पैसे लागतात, पण चालकाला ते आधी सांगावं लागतं. बिलात भाडं, पॅकिंग, हमाली, विमा आणि कर वेगवेगळ्या ओळींत हवेत. ‘लमसम’ एका आकड्याचं बिल आलं तर केंद्राच्या कार्यालयांत पॅकिंगचा भाग एकरकमी अनुदानात धरलेला असल्याने तो कापताना सगळंच देयक रखडतं. पैसे यूपीआयने किंवा बँकेतून, बिलावरच्या नावाच्या खात्यातच भरा. सुपरवायझरच्या वैयक्तिक नंबरवर भरलेले पैसे बिलाशी जुळत नाहीत.

काही जण फोनवर थेट विचारतात, ‘सर, सामान न्यायचंय की नुसतं बिल हवंय?’ अशा ठिकाणाहून सामानही नेऊ नका. गाडी क्रमांक परिवहन विभागाच्या संकेतस्थळावर कोणालाही पाहता येतो. तपासणीत तो दुचाकीचा निघाला तर वसुली आणि विभागीय चौकशी कर्मचाऱ्याच्या मागे लागते. बिल देणारा तोवर नंबर बदलून मोकळा झालेला असतो.

फसवणुकीचा नेहमीचा प्रकार म्हणजे सामान गाडीत चढल्यावर वाढणारा आकडा. ‘जकात’, ‘एंट्री टॅक्स’, ‘ई-वे बिलाचा खर्च’ अशी कारणं दिली जातात. पुण्यातली जकात २०१३ मध्ये गेली, त्यानंतरचा एलबीटीही (स्थानिक संस्था कर) जीएसटीबरोबर संपला. वापरलेल्या घरगुती सामानाला ई-वे बिल लागत नाही. ही तीन वाक्यं पाठ असली तर निम्मी भांडणं जागीच मिटतात. तरीही सामान अडवून ठेवलं तर आधी पोलीस, मग राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याची एक सोय बदलीवाल्यांच्या फार कामाची आहे: तक्रारदार जिथे राहतो किंवा नोकरी करतो, तिथल्या जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार करता येते. पुण्यातल्या कंपनीविरुद्ध नांदेडहून दाद मागता येते, त्यासाठी रजा टाकून पुण्याला यायला नको. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तक्रारीचं शुल्क नाही.

नाक्यावरचा टेम्पोवाला आणि त्याचे दोन हमाल यांना कमी लेखू नये. विनंती बदली असेल, बिलाची गरज नसेल आणि अंतर दोनशे किलोमीटरच्या आत असेल तर त्यांच्याइतकं लवचीक कोणी नाही. आज सायंकाळी कार्यमुक्त, उद्या पहाटे चारला गाडी दारात, हे तेच करू शकतात. सदाशिव, नारायण, शनिवार पेठेतल्या वाड्यांच्या बोळात मोठी गाडी शिरतच नाही आणि शहरात जड वाहनांना दिवसा बंदी असते, त्यामुळे तिथून सामान काढायला छोटा टेम्पोच लागतो. मोठी कंपनी हीच फेरी ‘शटल चार्ज’ म्हणून वेगळी लावते. पाहणीला येणाऱ्या माणसाला बोळ दाखवून तो आकडा आधीच दरपत्रकात घालून घ्या. सोसायटीत राहत असाल तर लिफ्ट वापरायची वेळ, शिफ्टिंगची रक्कम आणि ना-हरकत पत्र हे व्यवस्थापकाकडून दोन दिवस आधी घ्या. सरकारी क्वार्टर सोडताना वीजबिल आणि ना-देय प्रमाणपत्राचंही तेच. टेम्पोवाल्यांची कमजोरी पॅकिंगची. दोरी आणि जुन्या चादरी यापलीकडे त्यांच्याकडे काही नसतं. पुठ्ठ्याचे खोके आणि नालीदार पुठ्ठ्याचा गुंडाळा स्वतः आणून ठेवा. पावसाळ्यात वर ताडपत्री आहे का आणि तिला भोकं आहेत का, हे आदल्या दिवशी पाहा. खंबाटकी किंवा माळशेजच्या पावसात गादी एकदा भिजली की ती पुन्हा वापरायच्या लायकीची राहत नाही. भोरमार्गे महाडकडे जाणार असाल तर वरंधा घाट पावसाळ्यात बंद ठेवला जातो, हेही लक्षात घ्या. ताम्हिणीचा पर्याय चालकाशी आधी बोला, अंतर आणि भाडं दोन्ही बदलतं.

वस्तूंपैकी तीनच त्रास देतात. फ्रिज: आदल्या दिवशी बंद करून बर्फ वितळू द्या, उभाच न्या, आणि पोचल्यावर काही तास तसाच ठेवून मग चालू करा. आडवा नेला तर कॉम्प्रेसरमधलं तेल नळ्यांत उतरतं. समोरून उघडणारं वॉशिंग मशीन: मागचे ट्रान्झिट बोल्ट लावल्याशिवाय गाडीत चढवू नका. ड्रम हलून त्याला धरणारे आतले स्प्रिंग तुटतात आणि बाहेरून काही दिसत नाही. हे बोल्ट बहुतेकांनी हरवलेले असतात, ते कंपनीच्या सेवा केंद्रातून मागवायला आठवडा धरा. तिसरी वस्तू म्हणजे भुशाच्या बोर्डाचं फर्निचर. एकदा खोलून जोडलं की स्क्रूची भोकं सैल होतात, दुसऱ्या खोलण्यात दार लटकतं. दर तीन-चार वर्षांनी हलणाऱ्या घराने लोखंडी कॉट, लोखंडी कपाट आणि घडीचं टेबल यावरच भागवावं, असं आमचं स्पष्ट मत आहे.

गॅस सिलिंडर कोणताही नियमाने चालणारा वाहतूकदार घेत नाही आणि घेऊही नये. सगळं कुटुंब हलत असेल तर सिलिंडर आणि रेग्युलेटर एजन्सीत जमा करून ट्रान्सफर व्हाउचर घ्या, अनामत परत मिळते. नव्या गावी अनामत चालू दराने पुन्हा भरावी लागेल. कुटुंब पुण्यातच राहणार असेल तर जोडणीला हात लावू नका. तिकडे पाच किलोचा छोटू सिलिंडर ओळखपत्रावर मिळतो, पत्त्याचा पुरावा लागत नाही, आणि एका माणसाच्या स्वयंपाकाला तो पुरतो. दुचाकी न्यायची असेल तर पुणे स्टेशनच्या पार्सल कार्यालयातून रेल्वेने पाठवणं अजूनही चांगलं. टाकी पूर्ण रिकामी, आरसी बुकाची प्रत, ओळखपत्र, आरसा आणि हँडल गोणपाटात गुंडाळलेलं, आणि गाडीवर नाव-मुक्काम ठळक लिहिलेलं पुठ्ठं. गाडी ट्रकमधून पाठवली तर तिचं वेगळं बिल मागा.

नव्या गावी क्वार्टर लगेच मिळत नाही तेव्हा काही कंपन्या सामान गोदामात ठेवून देतात. पुण्याभोवती वाघोली, उरुळी देवाची या पट्ट्यात अशी गोदामं आहेत. ही सेवा उन्हाळ्यात ठीक, जून ते सप्टेंबर जपून. सामान थेट फरशीवर न ठेवता लाकडी फळ्यांवर ठेवतात का, हे स्वतः जाऊन पाहा. प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळलेली गादी आतून घामेजते आणि महिन्याभरात बुरशी धरते. तिला सुती चादरीत गुंडाळायला सांगा. भाडं महिन्यावर की दिवसावर, आणि काही काढायला मधेच गेलं तर वेगळे पैसे का, हे करारात हवं. शाळा सुरू असताना मुलांची पुस्तकं गोदामात अडकल्याचे प्रकार होतात, म्हणून शाळेचं सामान गोदामाच्या यादीत घालूच नका.

एकूण मत असं. प्रशासकीय बदली, पूर्ण कुटुंब, लांबचा पल्ला: तारीख बदलायची अट लेखी मान्य करणारी नोंदणीकृत मोठी कंपनी, पूर्ण गाडी, जाहीर मूल्य आणि विमा. प्रशासकीय बदली, एकटा माणूस, लांबचा पल्ला: निगडीचा पार्ट लोड, पक्की बिल्टी, नगवार यादी. जवळची विनंती बदली: ओळखीचा टेम्पोवाला, पॅकिंग आपलं. आणि कुटुंब सहा महिन्यांनी मागून येणार असेल तर केंद्रीय कर्मचाऱ्यांनी एक हिशोब आधीच करावा: कुटुंबाच्या प्रवासाचा भत्ता मिळायला ते साधारणपणे कर्मचाऱ्याच्या बदलीनंतर सहा महिन्यांच्या आत हललेलं असावं लागतं. जूनमध्ये रुजू झालात तर ही मुदत डिसेंबरात संपते आणि मुलांचं वर्ष एप्रिलमध्ये. परीक्षा होईपर्यंत कुटुंब थांबणार असेल तर मुदतवाढीचा अर्ज शाळेच्या बोनाफाइड दाखल्यासह नोव्हेंबरातच देऊन ठेवा आणि आवक क्रमांक घ्या.